बेवारस पदकांचा जमाखर्च

राष्ट्राची थोरवी कोणत्या मापाने मोजावी, हा प्रश्न पूर्वी तत्त्ववेत्ते आणि इतिहासकार यांच्या दप्तरी असे, आणि पिढ्यान्‌पिढ्या खल करूनही त्यांच्याच्याने त्याचा फैसला होत नसे. अलीकडे हे प्रकरण वृत्तपत्राच्या क्रीडापानाकडे वर्ग झाल्यापासून मात्र ते चार रकान्यांच्या एका तक्त्यात, रोज रात्री अंक छपाईला जाण्यापूर्वी, निकालात निघू लागले आहे. पहिल्या रकान्यात सुवर्ण, दुसऱ्यात रौप्य, तिसऱ्यात कांस्य आणि चौथ्यात बेरीज, एवढ्या सामग्रीवर कोणते राष्ट्र तेजस्वी, कोणते होतकरू आणि कोणते केवळ हजेरीपटावरचे, हे वाचकाला सकाळचा चहा निवण्याच्या आत कळते. ही सोय प्रौढांच्या ऑलिंपिकपुरती मर्यादित राहिली असती तर मिसरूड न फुटलेल्यांवर मोठाच अन्याय झाला असता. परंतु २०१० साली सिंगापूरला पहिले युवा ऑलिंपिक भरले आणि चौदा-पंधरा वर्षांच्या मुलांनाही राष्ट्राची प्रतिष्ठा खांद्यावर वाहण्याचा हक्क प्राप्त झाला.

आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचा हेतू, निदान कागदोपत्री, निराळा होता. तत्कालीन अध्यक्ष जॅक रॉग हे पेशाने अस्थिशल्यविशारद, त्यामुळे कोवळ्या हाडांवर किती भार टाकावा याचा त्यांना अंदाज असावा. जगभरची मुले एकत्र यावीत, खेळाबरोबर त्यांनी एकमेकांची संस्कृती जाणून घ्यावी, अशी त्यांची योजना होती. शिवाय ऑलिंपिकच्या सनदेत सहाव्या नियमातच असे स्पष्ट लिहिले आहे की, ही स्पर्धा खेळाडूंमधील आहे, देशांमधील नव्हे. आणि देशांची एकत्रित क्रमवारी समितीने किंवा संयोजकांनी लावू नये, असेही एक कलम त्या सनदेत बरीच वर्षे नांदत होते. सनदांचे भाग्य असे की, त्या जपून ठेवण्यासाठी असतात, वाचण्यासाठी नसतात. समितीने क्रमवारी लावायची नाही, एवढाच त्या कलमाचा अर्थ उरला. बाकी साऱ्या जगाने ती लावली, आणि २०१८च्या ऑक्टोबरात ब्युनॉस आयर्सच्या तिसऱ्या युवा ऑलिंपिकचे सूप वाजले तेव्हा रशिया २९ सुवर्णांसह पहिला, चीन १८ सुवर्णांसह दुसरा, जपान १५ सुवर्णांसह तिसरा आणि आपला भारत ३ सुवर्ण, ९ रौप्य व १ कांस्य एवढ्या पुंजीवर सतरावा, असा निवाडा जाहीर झाला. ज्या रशियाला त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत प्यॉंगचांगच्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये स्वतःचा ध्वज मिरवण्याची मनाई होती, तोच ऑक्टोबरात अग्रस्थानी विराजमान झाला. तक्ता पूर्वचरित्राचा दाखला मागत नाही, हा त्याचा उदारपणा ध्यानात ठेवण्याजोगा आहे.

आता या तक्त्याचे गणित पाहू. जपानची एकूण पदके ३९ आणि चीनची ३६. तरीही चीन वर आणि जपान खाली, कारण सुवर्ण आधी मोजायचे, ते समसमान निघाले तरच रौप्याकडे पाहायचे, आणि तेथेही बरोबरी झाली तर कांस्याची विचारपूस करायची, अशी वहिवाट आहे. कोणत्याही सराफाकडे गेलात तर इतक्या भार चांदीला इतके गुंज सोने असा काही ना काही भाव तो सांगेल. तक्त्याच्या पेढीवर मात्र चांदीचा ढीग घातला तरी सोन्याची एक गुंज सुटत नाही. सिंगापूरला भारताच्या मुलांनी ६ रौप्य आणि २ कांस्य मिळून ८ पदके आणली, पण सुवर्ण एकही नव्हते; तेथेच बोलिव्हियाच्या मुलांनी फुटबॉलच्या अंतिम सामन्यात हैतीवर पाच गोल चढवून एक सुवर्ण नेले आणि त्या एका पदकाच्या बळावर बोलिव्हिया आपल्या डोक्यावर जाऊन बसला. प्रौढांच्या ऑलिंपिकमध्ये आजवर एकही पदक न मिळालेल्या त्या देशाला हे सुख लाभले, याबद्दल आमचा मत्सर नाही. आमचा प्रश्न एवढाच की, आठ घरांत पोचलेला आनंद एका रकान्यातील शून्याने रद्द होतो, हे ठरवणारा अधिकारी कोणत्या कचेरीत बसतो?

या वहिवाटीला अपवाद आहे, आणि तो अर्थातच बलाढ्यांसाठी आहे. २००८च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये सुवर्णे चीनची अधिक झाली आणि एकूण पदके अमेरिकेची. तेव्हा जगाने चीनला पहिला मानले, आणि अमेरिकेतील वृत्तपत्रांनी एकूण बेरजेची आपली जुनी रीत चालवून स्वदेशाला पहिला मानले. दोन्ही राष्ट्रे एकाच वेळी पहिली आल्याने कोणाच्याच जेवणाचा बेरंग झाला नाही. यातून शिकण्यासारखा सिद्धान्त असा की, आधी आपला क्रमांक ठरवावा आणि मग त्याला शोभेल अशी मोजणी शोधावी.

शिवाय एक पदक म्हणजे नेमके काय, हेही तक्ता विचारीत नाही. ब्युनॉस आयर्सला आपल्या मुलांच्या आणि मुलींच्या हॉकी संघांनी पाच-पाच जणांच्या हॉकीत अंतिम फेरी गाठली; मुले मलेशियाकडून हरली, मुली यजमान अर्जेंटिनाकडून. राखीव धरून दोन्ही संघांत मिळून अठरा खेळाडू, त्यांच्या घामाची खतावणी झाली ती दोन रौप्य इतकीच. त्याच शहरातील तरणतलावात क्लिमेंट कोलेस्निकोव्ह या अठरा वर्षांच्या रशियन मुलाने सहा सुवर्ण आणि एक रौप्य बाहेर काढले. त्यांतील काही शर्यती सोबत्यांच्या साथीने पोहायच्या होत्या हे मान्य केले तरी, या मुलाने तलावाच्या काठावर उभे राहून स्वतःचे स्वातंत्र्य पुकारले असते, तर तो एकटाच भारतापेक्षा वरच्या क्रमांकाचे राष्ट्र ठरला असता. त्याला लोकसंख्येचा प्रश्न नाही, सरहद्दीचा तंटा नाही, आणि अंदाजपत्रकात तूट म्हणाल तर पोहण्याच्या चष्म्यापुरती.

एका पदकाचे स्वरूप मात्र आम्ही जरा जवळून पाहू इच्छितो. भारताचे त्या स्पर्धेतील पहिले पदक महाराष्ट्राच्या तुषार माने या मुलाने दहा मीटर एअर रायफलमध्ये मिळवले. जाड, ताठ कापडाचे जाकीट चढवून, श्वास रोखून, हृदयाच्या दोन ठोक्यांमधील उसंत साधून जिथे नेम धरायचा ते दहा गुणांचे केंद्र अर्ध्या मिलिमीटरचे असते, आणि त्यावर झाडायचा छरा साडेचार मिलिमीटरचा, म्हणजे केंद्राच्या नऊपट जाड! अंतिम फेरीच्या चोवीस गोळ्यांअखेर रशियाच्या ग्रिगोरी शामाकोव्हचे गुण झाले २४९.२ आणि मान्यांच्या तुषारचे २४७.५, गोळीमागे फरक पडला एका गुणाच्या चौदाव्या हिश्श्याएवढा. माणसाच्या पापणीलाही जो जाणवू नये त्या फरकाने एका मुलाचे पदक पहिल्या रकान्यातून दुसऱ्या रकान्यात उतरले, आणि तेवढ्यावरून दोन्ही देशांच्या क्रीडाधोरणांची, आहाराची व राष्ट्रीय चारित्र्याची तुलना करायला विद्वान मंडळी मोकळी झाली. हृदयाच्या ठोक्याला धोरण नसते, हे त्यांना कोणी सांगावे?

परंतु तक्त्याची खरी पंचाईत निराळीच आहे. युवा ऑलिंपिकच्या संयोजकांनी काही प्रकारांत दोन किंवा अधिक देशांची मुले एका संघात घालण्याचा खोडसाळपणा करून ठेवला आहे. मनू भाकर या सोळा वर्षांच्या मुलीने एअर पिस्तुलात वैयक्तिक सुवर्ण मिळवले, ते रीतसर भारताच्या खाती जमा झाले. मग तिने ताजिकिस्तानच्या बेहझान फैझुल्लायेवच्या जोडीने मिश्र स्पर्धेत रौप्य मिळवले, ते मात्र भारताच्या तेरांत नाही आणि ताजिकिस्तानच्या खात्यातही नाही. बॅडमिंटनमध्ये लक्ष्य सेन ज्या ‘अल्फा’ संघातून खेळला तो निरनिराळ्या देशांच्या आठ मुलामुलींचा; त्या संघाने सुवर्ण जिंकले, तेही कोणत्याच राष्ट्राला पावले नाही. अशी पदके बहुतेक तक्त्यांत ‘मिश्र’ असा शेरा मारून, क्रमांकाविना, एका ओळीत बसवून ठेवतात. वारस सापडेपर्यंत मिळकतीला कुलूप ठोकावे, तशी. त्यांच्यासाठी ध्वजही कोणा देशाचा चढत नाही. पाच वर्तुळांचा चढतो, आणि त्याच्या सन्मानार्थ छाती फुगवणारे सरकार अजून कोठे स्थापन झालेले नाही.

आमच्या मराठी मुलखाला या विद्येची परंपरा आहे. इंग्रजी अमदानीत बडोदे आणि ग्वाल्हेरच्या अधिपतींना २१ तोफांची सलामी, कोल्हापूरकरांना १९ तोफांची, असा एक तक्ता सरकारदरबारी होता, आणि दोन तोफांच्या कमीअधिकपणावरून जो मानापमान चाले तो खऱ्या तोफा डागून झालेल्या लढायांपेक्षा दीर्घायुषी ठरला. संस्थाने विलीन झाली, तोफा थंडावल्या, पण मोजण्याची हौस शिल्लक राहिली. ती आता ‘खेलो इंडिया’च्या मैदानावर दिसते. २०१८ साली दिल्लीत शालेय मुलांच्या पहिल्याच खेपेला महाराष्ट्राची पदके १११ आणि हरियाणाची १०२, पण सुवर्णे हरियाणाची ३८ आणि आपली ३६, म्हणून अग्रस्थान हरियाणाला गेले. बेरजेची मोजणीच कशी न्यायाची आहे, याचा साक्षात्कार होण्यास याहून अनुकूल मुहूर्त नव्हता. पुढे २०२४ साली तामिळनाडूत आपण सुवर्णांतही पहिले आणि बेरजेतही पहिले आलो. त्याच वेळी १०३ पदके मिळवलेला हरियाणा केवळ सुवर्णे कमी म्हणून ९८ पदकांच्या यजमान तामिळनाडूच्या खाली तिसरा गेला, तेव्हा न्यायाची ती मोजणी आम्हांला आठवली नाही.

२०२३ साली मुंबईत ऑलिंपिक समितीचे अधिवेशन भरले, आणि युवा ऑलिंपिकही आपल्या देशात भरवावे अशी इच्छा सरकारने तेथे बोलून दाखवली. ती फळाला येईल तेव्हा येवो. तत्पूर्वी तक्त्यातील अव्यवस्था दूर व्हावी म्हणून आम्ही काही सूचना विनयपूर्वक सादर करतो. पहिली अशी की, मिश्र पदकांची वाटणी जुन्या आण्यांच्या हिशेबाने करावी. दोघांच्या पदकात प्रत्येक देशाचा वाटा आठ आणे आणि आठांच्या पदकात दोन आणे. या हिशेबाने ब्युनॉस आयर्सला भारताची कमाई तीन सुवर्ण दोन आणे, नऊ रौप्य आठ आणे आणि एक कांस्य, अशी ठरते व राष्ट्राची इभ्रत चांगली दहा आण्यांनी वाढते. दुसरी अशी की, मुलांनी परदेशी सोबत्याशी खेळापुरतेच सख्य करावे. वाटणीचा निवाडा होईपर्यंत एकमेकांना पत्रे लिहू नयेत, कारण त्याने दाव्याला बाध येतो. तिसरी अशी की, अर्ध्या मिलिमीटरच्या केंद्रावर नेम चुकलेल्या मुलाने चुकीची लेखी कैफियत देशाला सादर करावी, आणि देशाने ती संध्याकाळच्या आत फेटाळावी.

शेवटची सूचना सर्वांत महत्त्वाची. वाटणीच्या चौकशीत उपसंपादक, मंत्री, संघटनांचे पदाधिकारी आणि आमच्यासारखे सदरलेखक, अशा सर्वांच्या साक्षी घ्याव्यात. ज्याने पदक मिळवले त्या मुलाची जबानी मात्र घेऊ नये. सोळाव्या वर्षी माणूस ‘पदक माझे आणि माझ्या जोडीदाराचे आहे’ असे खरे बोलून जाण्याचा संभव असतो, आणि तसे झाले तर सबंध तक्ताच बेवारस ठरेल.