चालत्या डोंगरावर टोळी कशी बसवावी

अद्भुत कादंबरी लिहायला घेतली की तिसऱ्या-चौथ्या प्रकरणात एक भटकी टोळी लागतेच. नायक तहानेनं कोसळतो आणि शुद्धीवर येतो, तेव्हा काजळ घातलेली गंभीर माणसं त्याच्याकडं बघत असतात. ही टोळी घरच्या घरी, कमी खर्चात कशी करावी, याची कृती पुढं दिली आहे. कृती अनुभवाची आहे. माझ्या स्वतःच्या अप्रकाशित कादंबरीतल्या टोळीला अकरा देव होते, वाऱ्यासाठी तेवीस शब्द होते आणि तवा एकही नव्हता. दोनशे पानं ही माणसं काय खाऊन जगली, हे मलाही कळलं नाही.

आधी जमीन घ्या. ती हलती हवी. डोंगर रात्रीतून कूस बदलतो, नदी सकाळी डावीकडं आणि संध्याकाळी उजवीकडं, एवढं कुणालाही सुचतं. पण जमीन मनाला येईल तशी हलून चालत नाही. तिला खोड हवी आणि ती खोड टोळीला तोंडपाठ हवी. मणिपूरच्या लोकताक सरोवरावर कुजकी झाडंझुडपं, मुळं आणि माती यांचे तरंगते थर आहेत. त्यांना फुमदी म्हणतात. कोरड्या दिवसांत पाणी उतरलं की फुमदी तळाला टेकायची, मुळं खालून खाऊन घ्यायची आणि पावसाळ्यात ती पुन्हा वर यायची. १९८३ मध्ये इथाई बंधारा झाला. पाणी वर्षभर चढं राहू लागलं, फुमदीचं टेकणं बंद झालं आणि थर पातळ होत गेला. जमीन उपाशी राहते, ही कल्पना तुमच्या डोक्यात आली असती का? माझ्या तर नसती आली.

जमीन हलते म्हटल्यावर तलाठी कुठं बसवायचा, ते लगेच ठरवा. आपल्याकडं शेजारी बांध कोरतो म्हणून तीन पिढ्या कोर्टाची पायरी चढतात. तुमच्या राज्यात बांध स्वतःच उठून शेजाऱ्याकडं जाणार, तेव्हा सातबारा पेन्सिलीनं लिहावा. लग्न ठरताना सासर दोन कोसांवर होतं, बारशाला डोंगरापलीकडं गेलं. पत्रिकेवर स्थळाच्या जागी ‘असेल तिथे’ छापावं. वय वर्षांतच मोजायला हवं असंही नाही. ख्रिस्तोफर प्रीस्टच्या ‘इन्व्हर्टेड वर्ल्ड’मध्ये (१९७४) अख्खं शहर रुळांवरून ओढत नेतात, मागचे रूळ उपटून पुढं टाकतात आणि माणसं आपलं वय मैलांत सांगतात. हे मात्र उचलू नका. ओळखणारे ओळखतात.

माणसांची नावं ‘झ्र’ किंवा ‘ख्व’नं सुरू करायचा मोह होईल. नाव ठेवण्याआधी गॅलरीत उभं राहून त्या नावानं एखाद्याला जेवायला हाक मारून पाहा. तीन हाकांत घसा बसला तर नाव बदला.

वाळवंटाकडं वळू नका. तिथं फ्रँक हर्बर्ट आधीच मुक्काम ठोकून आहे. १९५७ मध्ये हा गृहस्थ ओरेगॉनच्या किनाऱ्यावर गेला तो टोळी शोधायला नव्हे. सरकणाऱ्या वाळूच्या टेकड्या गवत लावून थोपवायचं सरकारी काम चाललं होतं, त्यावर त्याला लेख लिहायचा होता. लेख राहिला. त्यातून १९६५ मध्ये ‘ड्यून’ ही कादंबरी आली, आणि तीही मोटारदुरुस्तीच्या पुस्तकांसाठी प्रसिद्ध असलेल्या प्रकाशकाकडून. त्याच्या टोळीतली माणसं अंगातलं पाणी गाळून पुन्हा पिता येईल असे पोशाख घालतात आणि वाळूतल्या अजस्र किड्याला चाहूल लागू नये म्हणून मुद्दाम बेताल चालतात. आधी गवत आणि पाण्याचा हिशेब, मग टोळी. आपण उलटं करतो: आधी पिसं.

सामानासाठी मात्र एवढं लांब जायची गरज नाही. दिवाळीनंतर आमच्या शेतात धनगरांचा वाडा उतरायचा. देशावरून घाट उतरून कोकणाकडं निघालेली माणसं. पावसाच्या तोंडावर परत फिरायची. घोडीच्या पाठीवर आधी पीठ-मिठाची पोती, त्यावर भांडी, वाघरीचं जाळं, घोंगड्या आणि सगळ्यांत वर पाय बांधलेल्या दोन कोंबड्या, पालखीत बसल्यासारख्या. कालच जन्मलेलं कोकरू एका बाजूच्या झोळीतून मान बाहेर काढून गाव बघायचं. वाड्यातली आजी सामान उतरवताना न बघताच हात घालायची. कुठली वस्तू कुठल्या गाठीत आहे हे तिच्या बोटांना ठाऊक. तीन दगड, चूल, तवा. पुरुष तोवर माझ्या वडिलांशी घासाघीस करत असायचे: किती मेंढरं, किती रात्री बसवायची, खतापोटी ज्वारी किती. मी एकदा विचारलं होतं, ‘आजी, पुढचा मुक्काम कुठं?’

‘तुझ्या बापानं जवारी मापल्याबगर कुठं ठरतंय व्हय ल्येकरा?’

वाऱ्याला तेवीस शब्द देणाऱ्या लेखकानं हे वाक्य वहीत उतरवून घ्यायला हवं होतं. मी तेव्हा कोंबड्या बघत होतो.

भविष्यवाणीही लागते, त्याशिवाय पुस्तक जाड होत नाही. ‘निळ्या डोळ्यांचा मुलगा येईल’ छापाची नको. कोल्हापूर जिल्ह्यात पट्टणकोडोलीला विठ्ठल-बिरदेवाची यात्रा भरते, भंडाऱ्यानं सगळं पिवळं होतं आणि भाकणूक सांगतात. तिच्यात पाऊसपाणी येतं, पिकं येतात, धान्याचे भाव येतात. निवडलेला वारसदार कधी येणार यापेक्षा पाऊस कधी पडणार हे ऐकायला माणसं लांबून येतात, आणि त्यांचं बरोबरच आहे. तुमच्या पुजाऱ्यालाही धारण सांगता आली पाहिजे.

माझ्या कादंबरीचा दुसरा खर्डा सुरू आहे. अकरापैकी सात देव कमी केलेत, कारण घोडीवरची जागा तवा, पीठ आणि कोंबड्यांनी घेतली. उरलेल्या चौघांतला एक कुठं बांधायचा ते अजून ठरत नाहीये. टोळीतली धाकटी सून म्हणते, पिठाच्या पोत्यात घालू, पण आधी त्याच्या पायाची माती झटका.