अहो, ते तर पितळ निघालं!

ऐकलंत का? नाही, आधी टेकून घ्या. त्या समुद्रात बुडालेल्या बेटावरच्या अटलांटिसवाल्यांचं ‘ओरिकॅल्कम’ माहीत आहे ना? आगीसारखं झळकणारं, मोलाला फक्त सोन्याच्या खाली? ते म्हणे पितळ होतं. हो हो, पितळ! तुमच्या माळ्यावरच्या घंगाळाचं, तेच.

आता ही बातमी मुळात आपल्यापर्यंत आली कशी, तेही बघा. इजिप्तमधल्या साईसच्या पुजाऱ्यानं अथेन्सच्या सोलोनला सांगितलं. सोलोननं घरोब्यातल्या ड्रोपिडीसला, त्यानं आपल्या मुलाला आणि त्या मुलानं नव्वदीला टेकल्यावर दहा वर्षांच्या नातवाला. नातवानं मोठेपणी चारचौघांत सांगितलं, असं प्लेटो सांगतो. आणि घडलं कधी? तर सोलोनच्याही नऊ हजार वर्षं आधी! आमच्या बिल्डिंगीत तिसऱ्या मजल्यावरची गोष्ट खाली येईपर्यंत नवरदेवाचा पगार दुप्पट होतो. पण अटलांटिसच्या बाबतीत कुणाला शंका म्हणून येत नाही.

बरं, थाट तरी किती करावा? प्लेटोचा ‘क्रिटियस’ हा संवाद काढून वाचा. बाहेरच्या तटाला काशाचा मुलामा, त्याच्या आतल्या तटाला कथलाचा. म्हणजे अख्ख्या तटाला कल्हईच म्हणा ना! आणि बालेकिल्ल्याच्या तटाला ओरिकॅल्कम. पोसायडनच्या देवळात भिंती, खांब, जमीन, जिथं नजर जाईल तिथं तेच. छताला आतून हस्तिदंत, देवळाला बाहेरून चांदी, कळसांना सोनं. आपल्याकडे कुणी हळदीकुंकवाला चांदीचा करंडा बाहेर काढला, तर आपण आठ दिवस बोलतो. इथं तर सगळं गावच मढवलेलं!

त्यांचे कायदेही ओरिकॅल्कमच्याच खांबावर कोरलेले. दहा राजे एकदा पाचव्या वर्षी, पुढच्या वेळी सहाव्या वर्षी असे आलटूनपालटून जमायचे. लोखंडाला हात न लावता, नुसत्या काठ्या आणि फास घेऊन बैल धरायचे आणि त्या खांबावरच त्याचा बळी द्यायचे, रक्त थेट अक्षरांवर. मग निळी वस्त्रं नेसून, देवळातला सगळा विस्तव विझवून, अंधारात एकमेकांचा न्याय करायचे. अंधारात! मी काही बोलत नाही. तुम्हीच काय ते समजा.

मला पडलेला प्रश्न वेगळाच आहे. हे सगळं घासत कोण होतं? आमची आजी दिवाळीआधी पितळेचा हंडा परसात घेऊन बसायची. चिंचेचा कोळ, चुलीतली राख आणि नारळाची शेंडी. काळा ओघळ वाहून गेला की खालून पिवळंधमक अंग निघायचं, आणि आजीच्या बोटांचा हिरवट वास दोन दिवस जात नसे. हे एका हंड्याचं. तिथं समुद्राची खारी हवा आणि अख्खा तट! प्लेटोनं देवळाची लांबीरुंदी दिली आहे, पुतळे मोजून सांगितले आहेत, पण घासणारणीबद्दल चकार शब्द नाही. पुरुषांच्या सुवर्णयुगात भांडी आपोआप लखलखतात, दुसरं काय!

तरी लोकांचं खूळ बघा. १८८२ साली इग्नेशियस डॉनली नावाच्या अमेरिकी पुढाऱ्यानं जाडजूड पुस्तक लिहून अटलांटिस खरंच होतं म्हणून छातीठोक सांगितलं आणि जगाला वेडच लागलं. १९९२ च्या इंडियाना जोन्सच्या व्हिडिओ गेममध्ये ओरिकॅल्कमचे मणी घातले की पुरातन यंत्रं धडधडू लागतात. जपानी गेममध्ये त्याच्या तलवारी. माझा भाचा रात्री दोन वाजेपर्यंत ‘ओरिकॅल्कम गोळा करतोय’ म्हणून जागा असतो. घरातला पितळेचा तांब्या उचलून जागेवर ठेव म्हटलं तर मात्र त्याचा हात दुखतो.

आणि मग २०१५ साली सिसिलीच्या जेला गावाहून बातमी आली. किनाऱ्यालगत सुमारे २६०० वर्षांपूर्वी बुडालेल्या जहाजापाशी धातूच्या ३९ लगडी सापडल्या. ‘अटलांटिसचा धातू मिळाला’ म्हणून एकच गिल्ला! तपासणीत काय निघालं? पाऊणभर किंवा थोडं जास्त तांबं आणि शेकडा पंधरा-वीस जस्त. पितळ हो! रोमन लोक तर पितळालाच हे नाव द्यायचे आणि त्याची नाणी पाडायचे.

पण खोटं कशाला बोलू, त्या काळी ही जादूच होती. जस्ताची गंमत अशी की तापवलं की ते वितळून थांबत नाही, वाफ होऊन निसटतं. म्हणून तांबं, जस्ताचं खनिज आणि कोळसा झाकलेल्या मुशीत घालून तापवायचे. ती वाफ तांब्यात शिरायची आणि लाल तांबं सोनेरी होऊन बाहेर यायचं. बघणाऱ्याचे डोळे दिपणारच. पुढे भाव मात्र असा कोसळला की रोमन वक्ता सिसेरो एक पेच घालतो: विकणारा सोन्यालाच ओरिकॅल्कम समजून विकत असेल, तर गिऱ्हाइकानं खरं सांगावं, की हजार दिनारांचा माल एका दिनारात गुपचूप घ्यावा?

आपल्याकडे भांड्याची कल्हई गेली की पितळ उघडं पडतं आणि आतली आमटी कळकते. प्लेटोलाही नेमकं हेच सांगायचं होतं हो! वरून सगळं झगमगीत आणि आतून अटलांटिसवाले हावेनं नासत चाललेले. ते झ्यूसच्या लक्षात आलं. त्यानं सगळ्या देवांना बोलावलं, सभा भरली, झ्यूस आता बोलणार, त्यांचं पितळ उघडं पाडणार...

आणि तिथंच प्लेटोचं लिखाण तुटतं. अर्ध्या वाक्यात. सांगा बाई, अशा ऐन वेळी कुणी उठून जातं का?