पी हळद अन् हो ज्येष्ठ

वसमतच्या हळदीला भौगोलिक मानांकन मिळालं. चांगलंच झालं. कापलं, खोकला झाला, लग्न ठरलं, काहीही असो, हळद चालते. फक्त सेवाज्येष्ठतेला चालत नाही. तिथं दुसरंच औषध देतात. त्याचं नाव ‘पर्यायी उपाय’.

आमचे एक सर आहेत. तुमच्याही शाळेत असतील. सर आणि संस्थाचालकांचा भाचा एकाच दिवशी, एकाच प्रवर्गात रुजू झाले. सर वयानं अकरा दिवसांनी मोठे. यादीत मात्र भाचा वर. लिपिक म्हणाला, “सर, प्रत मिळाल्याची सही करा फक्त.” सरांनी केली.

आता खासगी शाळा कर्मचाऱ्यांच्या 1981 च्या नियमावलीतली अनुसूची ‘फ’ काढा. प्रवर्ग एक, रुजू दिनांक एक, तर वयानं मोठा तो ज्येष्ठ. अकरा दिवस! शाळा सोडल्याचे दोन दाखले शेजारी ठेवले की चहा यायच्या आत निकाल लागतो. लागला नाही. संस्था म्हणाली, तुम्ही सही केलीय. सर शिक्षणाधिकाऱ्यांकडे गेले, कारण नियम 12 मध्ये ज्येष्ठतेचा वाद त्यांच्याकडे आहे. तिथली फाईल हलेपर्यंत भाचा मुख्याध्यापक झाला. मग साहेब म्हणाले, आता पदोन्नती डावलल्याचा प्रश्न आला, कलम 9, न्यायाधिकरणात अपील करा. न्यायाधिकरणात कळलं, अपिलाची मुदत तीस दिवस, ती गेली. आणि मूळ वाद ज्येष्ठतेचा, तो तर शिक्षणाधिकाऱ्यांचा. मग रात्रीच्या एसटीनं खंडपीठ. तिथं विचारलं, पर्यायी उपाय असताना थेट इथं कसे आलात? थेट! गुडघेदुखीच्या माणसाला भेटेल तो औषध सांगतो, तसं झालं. एक म्हणतो मेथी खा, दुसरा म्हणतो सुंठ लावा, तिसरा म्हणतो नांदेडला एक वैद्य आहे. गुडघ्याला हात कुणी लावत नाही.

गंमत म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 मध्ये आज ही अट लिहिलेलीच नाही. दुसरा उपाय असेल तर याचिका नको, असं कलम 1976 च्या बेचाळिसाव्या दुरुस्तीनं घुसवलं होतं. चव्वेचाळिसाव्यानं ते काढलं. उरला तो न्यायालयांनी आपणहून पाळायचा संयम. अहो, संयम पाळायचा तर खुशाल पाळा, पण मग आमच्या सरांचं निवृत्तीचं वयही जरा संयमानं येऊ द्या की! ते अठ्ठावन्नलाच येतं. त्याला पर्यायी उपाय नाही. फळ्यासमोर उभं राहून ज्याचे पाय गेले, त्याला अकरा दिवसांसाठी अकरा वर्षं हिंडवायचं, आणि वर तारखेला वकील गैरहजर म्हणून त्यालाच दटावायचं. चीड येते.

निवृत्तीनंतर आदेश निघाला. सर ज्येष्ठ ठरले. मानीव दिनांकानं मुख्याध्यापक, वेतननिश्चिती काल्पनिक, फरक देय नाही. आदेश घेऊन तोच लिपिक घरी आला.

“सर, प्रत मिळाल्याची सही करा फक्त.”

या खेपेला सरांनी सहीच्या वर ‘मान्य नाही’ असं लिहिलं. लिपिकानं ते वाचलं, पेन परत खिशाला लावलं.

“मग अपील आहे की, सर. तीस दिवसांत.”