कनातीमागचा कॅमेरा

करमणुकीच्या धंद्याची काळी बाजू दाखवणाऱ्या माहितीपटांचा सध्या सुकाळ आहे. अमेरिकेतल्या मुलांच्या मालिकांच्या सेटवर मुलांचंच शोषण कसं झालं, हे 2024 च्या ‘क्वाएट ऑन सेट’नं दाखवलं. आपण ते मोबाइलवर पाहतो आणि त्या मालिका काढणाऱ्या कंपनीला शिव्या घालतो. गुन्हेगार सातासमुद्रापार असला की संतापायला काही मोजावं लागत नाही.

आपण कडेगावकरांनी सावित्री मेधातुल यांचा ‘नटले तुमच्यासाठी’ हा माहितीपट पाहावा. संगीत बारीतल्या, म्हणजे बैठकीत लावणी सादर करणाऱ्या, कलावंत त्यात आपलं जगणं स्वतः सांगतात. हे ऐकताना शिव्या घालायला कंपनी सापडत नाही. समोर बसून पैसे उधळणारे आपल्यातलेच असतात.

तमाशाचंही तेच. फडाला सुपारी देते यात्रा कमिटी आणि कमिटीला पैसा पुरवते आपली वर्गणी. दसऱ्याला बाहेर पडलेला फड वैशाखापर्यंत गावोगाव फिरतो. हंगामाआधी घेतलेली उचल फेडायची म्हणून तापातही बाई बोर्डावर उभी राहते. कपडे बदलायला कनातीचा आडोसा, शौचाला अंधारातलं रान, आणि दारू पिऊन राहुटीत डोकावणारा गावातलाच कुणी तरी. त्याला हटकायला कमिटीचा एकही माणूस पुढे होत नाही, याची मला चीड येते.

तमाशा कलावंत विठाबाई नारायणगावकर खेळ चालू असताना कनातीमागे बाळंत झाल्या, दगडानं नाळ तोडली आणि पुन्हा नाचायला निघाल्या. ही गोष्ट आपण अभिमानानं सांगतो. अभिमान त्यांच्या जिद्दीचा जरूर असावा. पण दिवस भरलेल्या बाईला नाचावं लागलं, याची लाज कुणाला वाटायची? राष्ट्रपतींच्या हस्ते गौरव झालेल्या या कलावंताच्या अखेरच्या आजारपणात उपचारांसाठी लोकांकडून मदत गोळा करावी लागली. 2002 साली त्या गेल्या. त्यांच्या नावाचा सरकारी पुरस्कार त्यानंतर सुरू झाला.

म्हणून कडेगाव, विटा, पलूस भागातल्या यात्रा कमिट्यांना माझी विनंती आहे. यंदा सुपारी ठरवताना बायकांसाठी बंद खोली, शौचालय, पाणी आणि रात्रभर राखण या गोष्टी कागदावर लिहून द्या. खेळ पावसानं बुडाला तरी ठरलेली बिदागी द्या. आणि यात्रेच्या आदल्या रात्री ‘नटले तुमच्यासाठी’ चावडीपुढे पडदा लावून सगळ्या गावाला दाखवा.