अक्षरं फुगवू नका!

पोस्टरवर, टी-शर्टवर, कॅफेच्या भिंतीवर हल्ली जाडजूड जपानी अक्षरं दिसतात. गोथिक वळणाची, म्हणजे शेपट्या-टोकं नसलेली सरळसोट. दिसतात झकास, त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार आहे ती शॉर्टकटबद्दल. मध्यम वजनाचा फॉन्ट घ्यायचा, भोवती त्याच रंगाचा स्ट्रोक, म्हणजे कड, चढवायचा आणि म्हणायचं, झालं एक्स्ट्रा बोल्ड!

असं होत नसतं. कांजीत, म्हणजे जपानीतल्या चिनी चित्राक्षरांत, 'एक' हा आकडा म्हणजे एकच आडवी रेघ. 'उत्सु', म्हणजे खिन्नता, या अक्षरात रेघा 29. दोघांना जागा मात्र सारखीच, एकाच मापाचा चौकोन. चाळीतल्या एका खोलीत एकटा माणूस आणि शेजारच्या तेवढ्याच खोलीत 29 जण, असा हा संसार. रेघा सरसकट जाड केल्या की 'उत्सु'चा काळा ठिपका होतो. म्हणून अक्षरकार उभ्या रेघा भरतो, आडव्या बारीक ठेवतो, आतल्या तर आणखी बारीक करतो आणि पोटातली पांढरी जागा वाचवतो. हा हिशेब हजारो अक्षरांसाठी. रोजच्या वापराच्या सरकारी यादीतच 2136 कांजी आहेत.

1975 साली जपानच्या शाकेन कंपनीचा 'गोना यू' हा फॉन्ट आला, तो या कामाचा नमुना. युकिहिरो नाकामुरा यांनी रेखाटलेला. त्यांनी कांजीच नव्हे, हिरागाना-काताकाना ही उच्चारांची अक्षरंही चौकोनभर पसरवली. त्यामुळे मथळा सलग, घट्ट दिसू लागला. तो मथळ्यासाठीच होता, हेही लक्षात घ्या. इतक्या जाड अक्षरात परिच्छेद लावणं हा वाचणाऱ्याच्या डोळ्यांवर अन्याय आहे. तीन-चार शब्द घ्या, मोठे करा, भोवती मोकळी जागा सोडा.

आपल्या फ्लेक्सवर तरी वेगळं काय चाललंय? 'ज्ञ' आणि 'द्ध' यांची पोटं स्ट्रोकने बुजलेली असतात. मुंबईच्या 'एक टाइप' या अक्षरकारांच्या संस्थेचा 'बालू' फॉन्ट मुळातच जाड रेखाटलेला आहे आणि फुकट आहे. जपानीसाठी 'देला गोथिक वन' आहे, 'नोटो सान्स जेपी'चं ब्लॅक वजन आहे. तेही फुकट. मग स्ट्रोक कशाला? जाड अक्षर हवं असेल तर जाड म्हणून काढलेलंच वापरा, आणि छापायला देण्याआधी जपानी वाचणाऱ्या कुणाला तरी एकदा दाखवा.