श्रीमती रंगरंगोटीबाई यांस अनावृत पत्र

श्रीमती रंगरंगोटीबाई यांच्या सेवेशी,
मुक्काम : जिथे दौरा तिथे, जिल्हा जालना.

सा. न. वि. वि.

पत्र लिहिण्यास कारण की, आपण पुन्हा जालन्यात येऊन गेल्याचं कळलं. निरोप कुणी दिला नाही, तशी गरजही नव्हती. रस्त्याकडेच्या लिंबांना कमरेपर्यंत चुना आणि त्यावर गेरूचा पट्टा दिसला, की आमच्याकडचं शेंबडं पोरही ओळखतं : कोणीतरी मोठा माणूस येतोय आणि त्याच्या आदल्या दिवशी आपण येऊन गेलात. दुभाजकांवर पिवळे-काळे पट्टे उमटले, फाटकाला चंदेरी रंग लागला, आवारातल्या दगडांच्या वाट्यालाही चुना आला. चुना लावणे या वाक्प्रचाराचा दुसरा अर्थ आम्हाला ठाऊक आहे. पण पाहुणा दारात असताना तो काढू नये, एवढी रीत आम्ही पाळतो.

आधी आपलं अभिनंदन. काय आपली बढती झाली! पूर्वी आपण साध्या रंगरंगोटी होतात. शाळेच्या तपासणीला साहेब यायचे असले, की आदल्या शनिवारी मुलांच्या हातात कुंचले देऊन आपल्याला बोलावलं जायचं आणि सोमवारी आपण विसरल्या जायचात. मग आपण सुशोभीकरण झालात. पुढे सौंदर्यीकरण, नूतनीकरण, पुनर्विकास अशा पायऱ्या चढत गेलात. वर्तमानपत्रांत आपण आलात की 'रुपडं पालटणार', फ्लेक्सवर आलात की थेट 'कायापालट'. प्रत्येक बढतीत नाव भारदस्त झालं आणि अंदाजपत्रक दोन शून्यांनी वाढलं. रंग देण्याआधी भिंतीच्या भेगांत जो लेप भरतात, त्याला रंगारी लोक 'लांबी' म्हणतात, हे आपणास सांगायला नको. अंदाजपत्रकाची लांबी वाढत गेली. भिंतीत लांबी भरायची तेवढी राहून गेली.

गैरसमज नसावा. आपल्या कुळाविषयी आमच्या मनात आकस नाही. आपण गरिबाच्या घरच्या लेक. दिवाळी आली की कळीचा चुना आणून रात्री टिपाडात भिजत घालायचा. तो रटरट उकळायचा, वाफा सोडायचा, आणि पोरांना 'लांब व्हा, डोळे जातील' म्हणून ओरडा बसायचा. सकाळी तो फडक्यातून गाळून घ्यायचा, चिमूटभर नीळ टाकायची, अंगाला पुसू नये म्हणून थोडा डिंक मिसळायचा, आणि कुंचल्याने एक उभा हात, एक आडवा हात. हा चुना नुसता दिखाऊ नव्हता. हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन तो भिंतीवर पुन्हा चुनखडीसारखा घट्ट होतो, भिंतीतल्या ओलीला बाहेर पडायला वाट ठेवतो आणि किडामुंगीलाही थारा देत नाही. चार आण्यांत घर उजळायचं आणि निरोगीही राहायचं. त्या काळात आपल्याला कुणी नावं ठेवल्याचं आठवत नाही.

कारण तेव्हा आपण एकट्या येत नव्हता. आपल्या थोरल्या बहीणबाई, श्रीमती डागडुजी, आधी येऊन गेलेल्या असायच्या. मराठवाड्यातली जुनी घरं माळवदाची. मृगाच्या तोंडावर माळवदावर चढून नवी पांढरी माती पसरायची, ती चोपून घट्ट करायची, पन्हाळी मोकळी करायची, भिंतीची बिळं बुजवायची. हे काम बहीणबाईंचं. मग चार महिने पाऊस पडायचा आणि त्यांच्या कामाची परीक्षा व्हायची. त्यात घर टिकलं, की दसरा-दिवाळीला आपलं आगमन. पंचांगानेच दोघींच्या पाळ्या लावून दिल्या होत्या : पावसाआधी डागडुजी, पावसानंतर रंगरंगोटी.

आता पंचांग बदललं. आपण दौऱ्याच्या आधी येता, निवडणुकीच्या आधी येता, मार्च महिन्यात निधी परत जाऊ नये म्हणून येता. बहीणबाईंना 'पुढच्या टप्प्यात बघू' म्हणून सांगितलं जातं. गंमत अशी की भाषेला हे कळलं आहे. आपलं नाव घेताना लोक आधी 'नुसती' म्हणतात. नुसती रंगरंगोटी. एखाद्या गोष्टीला तिखटमीठ लावून सांगितलं तरी 'रंगरंगोटी केली' म्हणतात, जुनी गाडी नवी म्हणून खपवली तरी तेच म्हणतात. बहीणबाईंचीही गत फार बरी नाही. त्यांच्या नावाआधी 'तात्पुरती' चिकटलं आहे. पण दोघींत एक फरक आहे. डागडुजीच्या उद्घाटनाची पत्रिका आम्ही आजवर पाहिलेली नाही. गळती थांबवली म्हणून नारळ फुटत नाही, गटाराचा चोक काढला म्हणून फीत कापली जात नाही. फोटोत काय दाखवणार? न गळणारं छत?

आमच्या गल्लीत एक रंगारीचाचा आहेत. ओल आलेली भिंत दाखवली की ते आधी डबा उघडत नाहीत. बोटाच्या पेराने भिंत ठोकत खालून वर जातात. जिथे खणखणीत वाजते तिथे पुढे सरकतात. जिथे बद्द आवाज येतो तिथे खडूने फुली मारतात. एका घरात त्यांनी सगळी भिंत फुल्यांनी भरली. मालक म्हणाले, पाहुणे यायचेत, एक हात मारून द्या. चाचा म्हणाले, "मारतो की. पन गच्चीचं पानी आधी तोडा. रंगाची गॅरंटी मला विचारू नका, पावसाला विचारा."

त्यांचं म्हणणं शास्त्राला धरून आहे. पाणी गच्चीतून उतरो की जमिनीतून चढो, ते क्षार घेऊन भिंतीत शिरतं. बाहेर येऊन ते सुकतं आणि क्षार मागे राहतात. त्यांचे खडे वाढतात आणि वरच्या थराला पुढे ढकलतात. यालाच आपण लोणा म्हणतो. अशा भिंतीला ऑइल पेंट दिला, की पाण्याची बाहेर पडायची वाटच बंद. एक पावसाळा फुगे, दुसरा पावसाळा पोपडे. म्हणजे बाई, ओल्या भिंतीवर आपण नुसत्या निरुपयोगी ठरत नाही, दुखणं वाढवता. जिल्हा परिषदेच्या शाळांत 'बोलक्या भिंती' रंगवतात. बाराखडी, पाढे, महाराष्ट्राचा नकाशा. छान उपक्रम आहे, पोरं येता-जाता शिकतात. फक्त भिंत बोलतेच आहे तर तिचं सगळं बोलणं ऐकावं. काही ठिकाणी वर बे एके बे लिहिलेलं असतं आणि खाली लोण्याने नकाशातले दोन-तीन जिल्हे गिळलेले असतात.

खरं नवल याचं वाटतं, की आपली चलती जालन्यात व्हावी. या गावाचं पोट न दिसणाऱ्या वस्तूंवर चालतं. इथल्या भट्ट्यांतून निघणारी सळई राज्यभर जाते. स्लॅब पडला की ती सळई पुन्हा कुणाला दिसू नये, हेच तिचं यश. दिसली तर समजावं घराचं काही खरं नाही. सळईपर्यंत पाणी पोचलं की गंज चढतो, गंजाला मूळ लोखंडाहून जास्त जागा लागते आणि काँक्रीट आतून फुटतं. वरचा इमल्शन शेवटच्या दिवसापर्यंत चकाकत असतो. दुसरा धंदा बियाण्याचा. १९६४ साली बद्रीनारायण बारवाले यांनी इथे महिको सुरू केली आणि १९९८ साली त्यांना जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. बियाण्याची पिशवी कितीही रंगीत असू द्या, आमचा शेतकरी पिशवी पेरत नाही. तो उगवण बघतो. 'जालना सोने का पालना' ही म्हण आज अशा मातीत मिळणाऱ्या आणि काँक्रिटात गाडल्या जाणाऱ्या मालावर टिकून आहे. त्याच गावाने वरच्या थरावर भाळावं, म्हणजे नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा.

आपल्या बहीणबाईंचं या जिल्ह्यातलं मोठं काम पाहायचं असेल तर घाणेवाडीला जा. जालना शहराला पाणी देणारा हा तलाव निजामाच्या काळातला. वर्षानुवर्षं त्यात गाळ साचत गेला. गावातल्या लोकांनी घाणेवाडी जलसंरक्षण मंच उभा केला, गाळ उपसायला घेतला आणि आसपासच्या शेतकऱ्यांनी तो गाळ आपल्या रानात नेऊन पसरला. २०१२-१३च्या दुष्काळात पाण्याने जालन्याला किती रडवलं, हे ज्यांनी टँकरमागे घागरी घेऊन धाव घेतली त्यांना सांगावं लागत नाही. तेव्हा गाळ काढणं म्हणजे काय हे सगळ्यांना उमगलं. पुढे २०१७ मध्ये राज्य सरकारनेही 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' योजना आणली. या कामाची एक मोठी अडचण आहे. पाऊस आला, तलाव भरला, की केलेलं सगळं पाण्याखाली जातं. काठावर उभं राहून पाहणाऱ्याला फक्त पाणी दिसतं. गाळाला रंग देता येत नाही, म्हणून तिथे आपली डाळ शिजली नाही. या तलावाला संत गाडगेबाबांचं नाव आहे, हेही किती रास्त! बाबा गावात शिरले की आधी हातात खराटा, कीर्तन नंतर.

नावांचं निघालंच आहे म्हणून सांगतो. १ मे १९८१ रोजी जालना जिल्हा झाला, तेव्हा परतूरकडच्या पाट्यांवरचं 'जि. परभणी' पुसून 'जि. जालना' लिहायला आपल्यालाच बोलावलं होतं. २०२३ मध्ये नगरपालिकेची महानगरपालिका झाली तेव्हाही पाटीच्या शिडीवर पहिल्या आपणच. जिल्हा होणं, महापालिका होणं या मोठ्या गोष्टी आहेत. पण त्यातली आपली कामगिरी एका दुपारीत आटोपते आणि बाकीची पुढच्या पिढीपर्यंत चालते. रेल्वे स्थानकही अमृत भारत योजनेत आहे. तिथे आपण जाणारच. जा, पण फलाटावरची मंडळी आधी नळाला पाणी आहे का बघतील, मग कमान.

आता 'कायापालट' या आपल्या सर्वांत भारी पदवीबद्दल. तिच्याच जातकुळीचा कायाकल्प हा आयुर्वेदातला. १९३८ साली पंडित मदनमोहन मालवीयांनी कायाकल्प करून घेतला तेव्हा देशभर त्याची चर्चा झाली होती. पण सुश्रुतसंहिता काय सांगते, हे फ्लेक्स छापणाऱ्यांना कुणी सांगितलेलं दिसत नाही. आधी शरीराचं शोधन करा, मगच रसायन द्या. मळक्या कापडावर जसा रंग खुलत नाही, तसं अशुद्ध शरीरात रसायन लागू पडत नाही. बाई, दाखलाही आपल्याच धंद्यातला आहे. जुन्या वैद्याला कळलेली गोष्ट नव्या अंदाजपत्रकात कुठल्या रकान्यात बसवावी, एवढाच प्रश्न उरतो.

वैद्यांचं राहू द्या, आमचा भोकरदन-घनसावंगीकडचा शेतकरी हेच पोळ्याला करतो. पोळ्याला बैलाची शिंगं साळून त्यांवर हिंगूळ चढवतात, बेगड लावतात, झूल टाकतात. तो दिवस आपला. पण आदल्या संध्याकाळी खांदमळणी असते. वर्षभर जू ओढून बैलाच्या खांद्याला घट्टे पडलेले असतात. ते गरम पाण्याने शेकायचे, हळद आणि लोणी घेऊन हळूहळू चोळायचे. बोटाखाली कुठे बैल अंग चोरतो, ते मालक बघत असतो. तिथे पुन्हा हळद. मग दुसऱ्या दिवसाचं आवतण. खांदा न बघता शिंगं रंगवणाऱ्याला गाव काय म्हणेल, ते अनावृत पत्रात लिहिण्यासारखं नाही. मिरवणुकीत शिंगं दिसतात, औत मात्र खांदा ओढतो.

म्हणून विनंतीवजा काही अटी कळवतो. पहिली : यापुढे जालन्यात एकट्या येऊ नये. बहीणबाई आधी, आपण मागून. त्यांच्या अंगाला घाण लागलेली असते, आपल्या अंगाला वास येतो. दोघींना एका गाडीत बसायला हरकत नाही.

दुसरी : रंगवलेल्या प्रत्येक इमारतीच्या पाटीवर मान्यवरांच्या नावांखाली दोन तारखा लिहाव्यात, एक डागडुजीची, एक रंगाची. रंगाची तारीख आधीची निघाली तर पाटी लोकांनी वाचावी, हसावं आणि अर्ज करावा.

तिसरी : कंत्राटात दोषदायित्वाचा काळ लिहिलेला असतो. तो महिन्यांत न मोजता पावसाळ्यांत मोजावा. अखेरचं बिल चाचांच्या पद्धतीने, भिंत ठोकून मंजूर करावं. जिथे बद्द वाजेल तिथली फुली बिलातून वजा.

चौथी आणि शेवटची, तिच्यावर मात्र तडजोड नाही : उद्घाटन करायचंच असेल तर ते श्रावणात, धो धो पावसात, त्याच छताखाली ठेवावं. मंडप घालू नये, छत्र्या आणू नयेत. भाषणं हवी तेवढी लांबवावीत. मान्यवर कोरडे राहिले तर टाळ्या आम्ही वाजवू.

कळावे, लोभ आहेच, तो जरा जाड हाताचा असावा.

आपला विश्वासू,
जुन्या जालन्यातील एक रहिवासी