सामायिक विहीर

विंडोजमधली डीएलएल फाइल, म्हणजे अनेक प्रोग्रॅमना लागणारा तयार कोड, ही सामायिक विहीर. प्रत्येक प्रोग्रॅमने आपापली खणायची नाही, सगळ्यांनी एकीतूनच पाणी शेंदायचं. कल्पना झकास; पण सातबाऱ्यावर ‘सामायिक’ शब्द दिसला की वकिलाची कळी का खुलते, ते विंडोज ९८ने दाखवलं. नवा गेम टाकावा, तर तो सिस्टिम फोल्डरमधली फाइल खुशाल आपल्या आवृत्तीने बदलायचा आणि शेजारचा, काल धडधाकट असलेला प्रोग्रॅम तहानेने मरायचा. २००१च्या एक्सपीने तोडगा काढला: ज्याला जी आवृत्ती हवी ती वेगळी ठेवा. थोडक्यात, भावकीत होतं तेच. वाटण्या! आजही ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही’ दिसलं की मायक्रोसॉफ्टचं फुकटातलं व्हिज्युअल सी प्लस प्लस पॅकेज सोडून लोक भलत्याच साइटवरून ती एकटी फाइल उतरवतात. वर अँटिव्हायरस ओरडला, तर त्यालाच गप्प बसवतात.